बांधावरची कॉमेंट्री

चैत्र-वैशाखात बीड जिल्ह्यातल्या कुठल्याही जत्रेला जा. कुस्त्यांचा हगामा सुरू व्हायच्या आधीच भोंगा सुरू झालेला असतो. भोंग्यावरच्या माणसाच्या मागं एकाच वेळी पाच कामं लागलेली असतात. जोड पुकारायची, बक्षिसाची रक्कम सांगायची, ती देणाऱ्याचं नाव पदासकट आणि वडिलांच्या नावासकट घ्यायचं, रिंगणात घुसणारी पोरं मागं रेटायची आणि वाटेत आडवी लावलेली एमएच तेवीसची गाडी काढायला लावायची. हे सगळं एका श्वासात चालत असल्यानं वाक्यं एकमेकांत घुसतात. लाल लांगेच्या पैलवानानं एकेरी पट काढला, माजी सरपंचांकडून पाचशे एक, निळ्या शर्टाचं लेकरू चुकलंय, घिस्सा मारला, घिस्सा मारला, आणि लेकराच्या आईनं पंचांकडं यावं. घिस्सा कुणी मारला, पैलवानानं की सरपंचांनी, याची चौकशी कुणी करत नाही. लेकरू आईला सापडतं, पाचशे एक जमा होतात आणि कुस्ती चालूच राहते.

खेळाच्या मैदानावरचं असलं बोलणं जगभर होतं आणि जगभर लोक त्याला हसतात. इंग्रजीत तर त्याचे संग्रह निघाले. ‘प्रायव्हेट आय’ या लंडनच्या टवाळखोर पाक्षिकानं बीबीसीचा समालोचक डेव्हिड कोलमन याच्या नावानं ‘कोलमनबॉल्स’ हे सदरच चालवलं. समालोचकांच्या तोंडून घाईत निसटलेली आडवीतिडवी वाक्यं गोळा करायची आणि छापायची. गंमत अशी, की त्यातलं कोलमनच्या नावावर सगळ्यात जास्त खपलेलं वाक्य त्याचं नव्हतंच. १९७६च्या माँट्रियल ऑलिंपिकमध्ये क्यूबाचा अल्बर्टो हुआंतोरेना धावत असताना ते रॉन पिकरिंग बोलून गेला, चिकटलं कोलमनला. अमेरिकेत हाच मान योगी बेराचा. हा न्यूयॉर्क यांकीज संघाचा यष्टिरक्षक म्हणावा असा बेसबॉलपटू, खेळाडू म्हणून 10 वेळा वर्ल्ड सीरिज जिंकलेला. नाव खरं लॉरेन्स. पण मांडी घालून बसण्याच्या त्याच्या ढबीवरून कुणा मित्राला सिनेमात पाहिलेला हिंदुस्थानी योगी आठवला आणि हा जन्माचा योगी झाला. बेसबॉल हा नव्वद टक्के डोक्याचा खेळ आहे आणि उरलेला अर्धा अंगाचा, हा त्याचा हिशेब. अमुक हॉटेलात हल्ली कुणी जात नाही, तिथं फार गर्दी असते, हे त्याचं निरीक्षण. आणि १९७३ साली त्याच्या हाताखालचा मेट्स संघ तळाला पडलेला असताना तो म्हणाला होता, की संपल्याशिवाय संपत नाही. त्या वर्षी मेट्स खरंच अंतिम फेरीला पोचले, म्हणून ते वाक्य राहिलं. पोचले नसते तर तेही हॉटेलवाल्या वाक्याच्या रांगेत बसलं असतं.

तिकडचा हा माल निसटलेला आहे. बोलणाऱ्याला म्हणायचं होतं एक, निघालं भलतंच. आपल्याकडं, निदान बीड-अहिल्यानगरच्या पट्ट्यात, तसं नाही. इथला भोंग्यावरचा माणूस वेडंवाकडं बोलतो ते बहुतेक वेळा जाणूनबुजून, आणि त्यात त्याचा रोकडा हेतू असतो. त्या बोलण्यावर बक्षिसं जमतात, भांडणं मिटतात आणि पडलेल्या माणसाला मान खाली न घालता घरी जाता येतं. त्याला चुकांच्या वहीत टाकणं म्हणजे शाहिराला शुद्धलेखन विचारण्यासारखं आहे.

हगामा चैत्रातच का, याचं उत्तर उसात आहे. जिल्ह्यातली लाखो माणसं दसरा-दिवाळीच्या सुमाराला मुकादमाची उचल घेऊन तोडीला जातात. पश्चिम महाराष्ट्रातले कारखाने, कर्नाटकातले कारखाने, जिथं टोळी जाईल तिथं. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. कारखान्याचा पट्टा पडला की गाड्या परत फिरतात आणि गावं भरतात. मग यात्रा, मग कुस्त्या, मग लग्नं. पाच-सहा महिने दुसऱ्याच्या फडात राबून आलेल्या माणसाला आपल्या गावच्या फडात हक्कानं बसून ओरडायचं असतं, हे लक्षात घेतलं तर त्या ओरडण्यातला जोर कळतो.

सुरुवात बारक्या पोरांपासून. त्यांच्या कुस्त्या रेवड्यांवर लागतात. चड्डी वर खोचलेली दोन लेकरं समोरासमोर येतात, शड्डू ठोकायला जातात आणि मांडीवर आवाजच निघत नाही. मग मोठ्यांचे जोड जमवायचे. हा भाग परक्या माणसानं खास बघावा. वजनकाटा नसतो, वयाचा दाखला नसतो. पैलवान हात वर करून रिंगणाला फेरी मारतो, कुणीतरी दुसऱ्याचा दंड धरून त्याला समोर आणून उभा करतो. जुनी माणसं दोघांच्या मानेकडं, मनगटाकडं, कानाकडं बघतात. कान मोडलेला असला तर गडी तालमीतला; त्याच्यापुढं नुसत्या शेतातल्या ताकदीचा गडी लावत नाहीत. एकाचे मामा म्हणतात जोड जड आहे, दुसऱ्याचे चुलते म्हणतात गडी बघायला जड आहे, आतून पोकळ आहे. आपल्याच पुतण्याला चारचौघांत पोकळ म्हणायचं, तेही त्याच्या भल्यासाठी, हे बोलणं फक्त इथंच ऐकायला मिळतं.

सलामी झाली की दोघं एकमेकांच्या अंगावर माती टाकतात. मानेवर, दंडावर, पाठीवर मूठ-मूठ माती चोळतात. घामानं हात सरकू नये आणि पकड धरावी, म्हणून. दुसऱ्याला पाडायला आलेला माणूस आधी त्याच्या अंगाला माती लावतो ती त्याला नीट धरता यावं म्हणून, आणि समोरचाही मुकाट लावू देतो. मग खडाखडी. हलगीवाला एका अंगाला चालत राहतो. कुस्ती रेंगाळली की त्याचा हात रेंगाळतो, पट निघाला की कडकडतो. बसलेल्या लोकांपैकी निम्म्यांना गर्दीत काही दिसत नाही. ते हलगीवरून कुस्ती ऐकतात आणि दिसल्यासारखे ओरडतात.

आता ओरडणं काय असतं? डावांची नावंच अशी आहेत, की नवख्याला वाटावं भांडी-कपड्यांची यादी चालली आहे. ढाक, मोळी, लपेट, बांगडी, धोबीपछाड, कलाजंग. मोळी बांध म्हणून वस्ताद बाहेरून ओरडतो आणि आतला पोरगा खरंच समोरच्याची मोळी बांधतो. बांधावर बसलेल्यांत आयुष्यात कधी लांग न बांधलेले पुष्कळ असतात आणि सल्ला त्यांचाच जास्त असतो. ‘आरं, उचल की!’ हा त्यातला सर्वांत लोकप्रिय सल्ला. नव्वद किलोचा माणूस उचलण्यात अडचण काय असू शकते, हे त्यांना मनापासून कळत नाही.

निवेदकाची खरी परीक्षा निकालाच्या वेळी. एक गट म्हणतो पाठ लागली, दुसरा म्हणतो खांदाच टेकला. तिसऱ्यानं काही बघितलेलं नसतं, पण तो मोठ्यानं बोलतो. अशा वेळी कसलेला निवेदक पहिल्या झटक्यात पडलेल्याचं कौतुक सुरू करतो. गडी पडला, पण किती वेळ झुंजला बघा. पुढच्या वर्षी हाच गडी हे मैदान मारणार. याला दोन हात द्या. बक्षिसाच्या नोटा जिंकलेल्याच्या मुठीत पडत असतातच, या बोलण्यानं दोन-चार हरलेल्याच्याही हातात येतात. दहा मिनिटांपूर्वी ज्यानं त्याला वाघ म्हटलं होतं तोच आता त्याला पडलेला वाघ म्हणतो. हे सगळं अतिशयोक्तीचं आणि क्षणभरात उलटणारं आहे खरं. पण गर्दीतला एक दगड न उठता दिवस मावळतो, तो याच्याच जोरावर. पश्चिम महाराष्ट्रात कोथळीच्या शंकर पुजारींनी कुस्तीचं निवेदन ही स्वतंत्र कला म्हणून नावारूपाला आणली. आमच्याकडच्या बहुतेकांचं नाव त्यांच्या तालुक्याबाहेर जात नाही. आवाज मात्र शेजारच्या चार गावांत जातो.

निकालाच्या या प्रकारामुळं मॅटवरची कुस्ती जुन्या माणसांना अजून पटत नाही. पाटोद्याचा राहुल आवारे २०१८ साली गोल्ड कोस्टच्या राष्ट्रकुल स्पर्धेत 57 किलो गटात सोनं घेऊन आला. अंतिम फेरीत त्यानं कॅनडाच्या स्टीव्हन ताकाहाशीला 15-7 असं हरवलं. पुढच्याच वर्षी नूर-सुलतानला जागतिक स्पर्धेत 61 किलोत कांस्य. वडील पैलवान, पुण्यात हरिश्चंद्र बिराजदार मामांच्या तालमीत घडलेला गडी, आज पोलीस खात्यात उपअधीक्षक. सगळं उत्तम. पण पंधरा-सात म्हणजे काय? जत्रेच्या कायद्यात पाठ लागली तर कुस्ती झाली, नाही लागली तर सोडवली. पंधरा आणि सात यातलं काहीच तिथं बसत नाही. पाठ न लागताच सोनं मिळालं, म्हणजे सोडवलेल्या कुस्तीवर गदा मिळाली, असा एक आक्षेप निघू शकतो. आणि तो काढणारा माणूस राहुलच्या मिरवणुकीत सर्वांत पुढं नाचलेला असू शकतो. दोन्हींत विरोध नाही. अभिमान वेगळा आणि नियम वेगळा.

पाठ लागली की नाही, हा वाद फक्त जत्रेपुरता आहे असंही नाही. २०२५च्या फेब्रुवारीत, शेजारच्याच अहिल्यानगरला, महाराष्ट्र केसरीच्या मॅटवर, कॅमेऱ्यांसमोर, तोच वाद पेटला. पृथ्वीराज मोहोळविरुद्धच्या कुस्तीत शिवराज राक्षेला चीत ठरवलं, राक्षेला ते मान्य नव्हतं, आणि प्रकरण पंचांना लाथ मारण्यापर्यंत गेलं. राक्षेवर तीन वर्षांची बंदी आली. मोहोळ महाराष्ट्र केसरी झाला, आणि खांदा टेकला होता की नव्हता यावर चहाच्या टपऱ्यांवर नंतर कितीतरी दिवस व्हिडिओ मागं-पुढं होत राहिला. पाठ लागण्याचा निकाल यंत्राला देता येत असेल, तर माणसाला का देता येऊ नये, असं टपरीचं म्हणणं.

कुस्तीची भाषा मैदानात राहत नाही, ती लगेच सभेच्या मांडवात जाते. २०१९च्या विधानसभा निवडणुकीत देवेंद्र फडणवीस सांगत फिरत होते, की आमचे पैलवान तेल लावून तयार आहेत, पण समोर लढायलाच कुणी नाही. त्यावर शरद पवारांनी हातवारा करून दाखवला आणि म्हटलं, कुस्ती पैलवानांशी होते, अशांशी नाही. हातवारा कसला होता यावरच पुढं आठवडाभर राजकारण झालं. पवार तेव्हा कुस्तीगीर परिषदेचेही अध्यक्ष. त्याआधी भारतीय क्रिकेट मंडळाचे आणि २०१० ते २०१२ आयसीसीचेही. एवढी मैदानं सांभाळलेल्या माणसाला पैलवानांवरून डिवचायचं म्हणजे धाडसच. पण माझी तक्रार तेलाबद्दल आहे. मातीतला पैलवान कुस्तीला अंगाला तेल लावून उतरत नाही. तेल तालमीच्या मातीत जातं, ताक, लिंबू, हळद आणि कापराबरोबर. अंगाला लावलं तर मालिश म्हणून, आदल्या दिवशी. अंगभर तेल ओतून कुस्ती खेळतात ती तुर्कस्तानात, एदिर्नेला. महाराष्ट्राच्या राजकारणात इतकी वर्षं तेल लावलेले पैलवान उतरतात, त्यातला एकही हातात का येत नाही, हे यावरून कळावं.

क्रिकेटकडं वळतो. कुस्तीनं क्रिकेटला एवढं तर दिलंच आहे, की बाळ ज. पंडितांसारख्यांनी आकाशवाणीवरून मराठीत धावतं वर्णन घरोघरी पोचवलं तेव्हा बाद होण्याच्या तऱ्हा पायचीत, धावचीत, यष्टिचीत अशाच कानांवर पडत होत्या. दोन्ही पायांवर ताठ उभा असलेला फलंदाज आपल्याकडं चीत होतो.

गावच्या टेनिस बॉल स्पर्धेचं उद्घाटन हा वर्षातला सर्वांत विनोदी चेंडू. नारळ फुटतो, स्टंपांना हळदीकुंकू लागतं, प्रमुख पाहुणे सदऱ्याच्या बाह्या सारतात. गोलंदाज गावातला सर्वांत जलद पोरगा असतो. आज त्याला हळू टाकायला सांगितलेलं असतं आणि हळू टाकायची सवय नसल्यानं त्याचा चेंडू भलतीकडं जातो. साहेबांची बॅट फिरते, चेंडू मागं जातो, विकेटकीपर तो मुद्दाम सोडतो. ‘साहेब, ट्राय होता!’ मग दुसरा. तोही ट्राय. तिसऱ्याला चेंडू बॅटला लागतो किंवा बॅट चेंडूला लागते, पाच क्षेत्ररक्षक बाजूला होतात आणि भोंगा सांगतो, साहेबांचा सणसणीत चौकार. दुसऱ्या दिवशी जिल्हा पानावर फोटो: फटकेबाजी करताना आमदार. फोटोत बॅट हवेत असते, चेंडू कुठंच नसतो. पुढच्या भाषणात साहेब हमखास दोन गोष्टी सांगतात: खेळात हार-जीत महत्त्वाची नसते, आणि पहिलं बक्षीस माझ्याकडून.

त्यानंतर खरी कॉमेंट्री. टेनिस बॉलच्या कॉमेंट्रीवाल्यानं नवज्योत सिद्धू ऐकलेला असतो, रवी शास्त्री ऐकलेला असतो आणि गावचा निवेदक तर लहानपणापासून. तिघांचं मिश्रण बाहेर येतं. चेंडू सीमापार जात नाही. तो कारखान्याच्या चिमणीला वळसा घालून, मुरमाड रानातून, थेट पाहुण्यांच्या गावी जातो. उसात गेला तर खेळ थांबतो, दोन्ही संघ उसात शिरतात आणि तेवढ्यात भोंगा जेवणाची सोय कुणाकडं आहे ते सांगून घेतो. एक चेंडू, एक जाहिरात, एक सत्कार. आणि झेल सुटला की सगळ्या मराठी मुलखात एकच वाक्य: कॅच सोडला, मॅच सोडली. हे वाक्य पहिल्या षटकात म्हणतात, शेवटच्या षटकात म्हणतात, कॅच सोडूनही मॅच जिंकली तरी म्हणतात.

२०२४च्या 29 जूनला बार्बाडोसमध्ये टी-ट्वेंटी विश्वचषकाच्या शेवटच्या षटकात डेव्हिड मिलरनं टोलवलेला चेंडू सीमेवर सूर्यकुमार यादवनं पकडला, बाहेर जाताना उडवला, आत येऊन पुन्हा पकडला. 5 जुलैला विधानभवनात मुंबईकर खेळाडूंचा सत्कार झाला तेव्हा या झेलाबद्दल सूर्यकुमार मराठीत एवढंच म्हणाला, की कॅच बसला हातात. सभागृह हसून बेजार. मागून रोहित शर्मा उठला आणि म्हणाला, बरं झालं बसला, नाहीतर पुढं मी त्याला बसवला असता. हे दोन उद्गार गल्लीतले आहेत. विश्वचषकाच्या जागी बाजारतळावरची मॅच ठेवली तरी त्यातला एक शब्द बदलावा लागत नाही, म्हणून तर ते अख्ख्या महाराष्ट्राला एका क्षणात कळले. तेव्हाचे मुख्यमंत्री एकनाथ शिंदे यांनाही या झेलावरून दोन वर्षांपूर्वी आपल्या पन्नास जणांच्या टीमनं घेतलेली विकेट आठवली आणि त्यांनी ती बोलूनही दाखवली. क्रिकेटपटूंच्या सत्काराला राजकारण आणि राजकारणाच्या सभेला कुस्ती, हा आपला फिरता क्रम आहे.

रडीचा डाव हाही गल्लीचाच वारसा. बॅट ज्याची तो बाद झाला की बॅट घेऊन घरी जातो. पण हा डाव राजेरजवाड्यांनीही खेळला आहे. डिसेंबर १९४८, पुणे, रणजी सामना, महाराष्ट्र विरुद्ध काठेवाड. भाऊसाहेब निंबाळकर नाबाद 443. ब्रॅडमनचा 452चा विक्रम हाकेच्या अंतरावर, महाराष्ट्राच्या 4 बाद 826 झालेल्या. उपाहाराला काठेवाडचे कर्णधार, राजकोटचे ठाकोरसाहेब, म्हणाले की डाव घोषित करा, नाहीतर आम्ही घरी जातो. समजावून पाहिलं, ऐकेनात. आणि ते खरंच गेले. सामना तिथंच संपला, निंबाळकर 443वरच राहिले आणि कधी कसोटी खेळले नाहीत. ‘आम्ही नाही खेळत जा’ या वाक्याची एवढी मोठी किंमत दुसऱ्या कुणी वसूल केली असेल असं वाटत नाही. शिरीष कणेकर आणि द्वारकानाथ संझगिरी या दोघांनी मराठी वाचकाला हसत-हसत क्रिकेट शिकवलं. आता दोघंही नाहीत, आणि अशी प्रकरणं रंगवून सांगायचं काम पुन्हा पारावर आलं आहे.

पारावर सांगायला बीडकडं आता स्वतःचा सचिन आहे. सचिन धस, जन्म २००५, वडिलांनी तेंडुलकरावरून नाव ठेवलेलं. २०२४च्या फेब्रुवारीत बेनोनीला 19 वर्षांखालच्या विश्वचषकाची उपांत्य फेरी, समोर यजमान दक्षिण आफ्रिका, जिंकायला 245, आणि भारत 4 बाद 32. तिथून सचिन आणि कर्णधार उदय सहारन यांनी 171ची भागी केली. सचिन 95 चेंडूंत 96 करून बाद झाला, सहारननं 81 केल्या, सामना दोन गडी राखून जिंकला. जिंकल्याचा आनंद एकीकडं; पण चार धावा राहिल्या ही हळहळ वेगळीच, आणि ती व्यक्त करणाऱ्यांत कधीही दोन आकडी धावा न केलेले आघाडीवर. याआधी पुण्यात एका स्पर्धेत त्याचे षटकार बघून आयोजकांनी त्याची बॅट मोजून पाहिली होती, असं त्याच्या प्रशिक्षकानं तेव्हा सांगितलं होतं. जिल्ह्याच्या पोराचं याहून मोठं कौतुक कुणाला करता आलं नसतं.

दुसरा बीडचा, म्हणजे जन्मानं बीडचा, संजय बांगर. २००२च्या हेडिंग्ली कसोटीत ढगाळ हवेत, फिरणाऱ्या चेंडूपुढं, सलामीला येऊन 236 चेंडूंत 68. राहुल द्रविडबरोबर 170ची भागी. पुढं द्रविड, तेंडुलकर, गांगुली तिघांची शतकं झाली आणि भारत डावानं जिंकला. लोकांना शतकं आठवतात. 68 धावांसाठी 236 चेंडू हे गावच्या स्पर्धेत कुणी केलं असतं तर भोंग्यानं त्याला झोप लागली का म्हणून विचारलं असतं. तोच बांगर आता हिंदी समालोचन करतो. मैदानात गप्प राहिलेल्या माणसाला बोलायला दिलं की तो जपून बोलतो. त्यामुळं त्याची वेडगळ वाक्यं गोळा करायला बसलात तर वही कोरीच राहील.

आणि खरं सांगायचं तर जिल्ह्याचे मोठे खेळाडू सगळे कमी बोलणारेच निघाले. अविनाश साबळे आष्टी तालुक्यातल्या मांडव्याचा, आईवडील वीटभट्टीवर, शाळा सहा किलोमीटरवर आणि तिथं जायला गाडी नाही. बारावीनंतर सैन्यात, महार रेजिमेंटमध्ये, सियाचीनची नेमणूक. त्याची शर्यत स्टीपलचेस. जुन्या काळी विलायतेत या गावच्या चर्चच्या कळसापासून त्या गावच्या कळसापर्यंत मधले बांध, ओढे, कुंपणं ओलांडत घोडे पळवायचे, त्यातून ती निघाली. आता 3,000 मीटर, 28 अडथळे आणि 7 वेळा पाण्यावरून उडी. पाण्याचा खड्डा 3.66 मीटर लांब. जगातल्या सगळ्या शर्यती सोडून दुष्काळी आष्टीच्या गड्यानं नेमकी ती निवडावी जिच्यात दर फेरीला पाणी आडवं येतं! पाण्याला एवढं जपून ओलांडणारा दुसरा कोण सापडणार? गोपाल सैनी यांचा १९८१चा राष्ट्रीय विक्रम त्यानं २०१८ साली मोडला. मग आपलेच विक्रम मोडत २०२४ला पॅरिसमध्ये 8 मिनिटं 9.91 सेकंदांपर्यंत आला. बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत, २०२२ला, केनियाच्या अब्राहम किबिवोटच्या मागं अवघ्या 0.05 सेकंदानं रौप्य. १९९४ नंतर त्या शर्यतीत केनियाबाहेरच्या कुणाला पदक मिळालं नव्हतं. हांगझोऊला आशियाई सुवर्ण. यातल्या कुठल्याही शर्यतीत बांधावरून ‘आरं पळ की’ म्हणणारं कुणी नव्हतं. 0.05 सेकंद कमी पडले त्याचं कारण हेच, असा एक सिद्धांत मांडता येईल.

देशी खेळांत बोलण्याचं प्रकरण उलटंच आहे. कबड्डीत श्वास न तोडता एकच शब्द घोकत परक्या अंगणात जायचं. तोंड थांबलं की माणूस बाद. हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाच्या अमरावतीकरांनी १९३६ साली बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी हा खेळ करून दाखवला, तेव्हा ही मंडळी पळताना काय पुटपुटतात याचा तिथल्या प्रेक्षकांना काय उलगडा झाला असेल, देव जाणे. खो-खोत तर अख्ख्या सामन्यात एकच अक्षर, तेही योग्य वेळी, पाठीवर हात टेकवून. २०२५च्या जानेवारीत दिल्लीला पहिला खो-खो विश्वचषक झाला. महिलांच्या अंतिम सामन्यात भारतानं नेपाळला 78-40 असं हरवलं. कर्णधार प्रियंका इंगळे, मूळ केज तालुक्यातली. एका अक्षराच्या संभाषणावर विश्वचषक. त्यानंतरच्या सत्काराच्या भाषणांना मात्र एक अक्षर पुरलं नसणार.

हा अंक हातात पडेल तेव्हा गावागावांत दिवाळीच्या सुट्टीतल्या स्पर्धांची पत्रकं लागलेली असतील. निम्मं गाव तोडीच्या गाडीत बसलेलं, निम्मं पुण्या-मुंबईहून सुट्टीला आलेलं. संघ त्यातूनच जमवायचे. पत्रकावर वरच्या अंगाला पुढाऱ्यांचे फोटो, मधे बक्षिसं, तळाला बारीक अक्षरात नियम. प्रवेश फी परत मिळणार नाही. बट्टा बॉलिंग चालणार नाही. वाद घालणारा संघ बाद करण्यात येईल. पंचांचा निर्णय अंतिम राहील. त्याच्याच खालच्या ओळीत असतं, की निर्णयाबाबत तक्रार असल्यास कमिटीशी संपर्क साधावा, आणि पुढं तीन मोबाइल नंबर. त्यातले दोन पंचांचेच असतात.